सासूबाईचं कोहळं अन् जावयाचं मफिन

हुडकेश्वर, नागपूर
नवतप्याचा शेवटचा दिवस (पंचांग तसं म्हणते; उन्हाले अजून कोणी सांगतलं नाही)

तीर्थरूप इंदूताईस,

तुझ्या एकुलत्या एक लहान भावाचा वाकून नमस्कार. (वाकून हे फक्त लिहाले. कंबर धरली आहे, वाकता येत नाही. काहून धरली ते पुढं येईलच.) भाऊजीचा खोकला थांबला का? तुझे गुडघे काय म्हणतेत? धानाच्या पऱ्ह्याची जागा नांगरून झाली असंन. कुहीकडे एखादी सर येऊन गेली म्हणून तुझा पोरगा अंकुश सांगत होता, इकडे तर नळाच्या पाण्यानं हात भाजते. आम्ही दोघंही खुशाल आहोत. म्हणजे प्रेमलता खुशाल आहे, मी दिसाले खुशाल आहे.

तू म्हणशील, रोज फोन करणारा गणपत आज पत्र काहून लिहून राहिला. ताई, आमच्या घरी फोनचं असं आहे, का मी हॅलो म्हटलं का प्रेमलता आतल्या खोलीतून विचारते, कोण होय? अन् तू असली का येऊन फोन स्पीकरवर टाकते, मलेही ताईचा आवाज ऐकू द्या म्हणते. व्हॉट्सॲपचं नावच काढू नको, माझे मेसेज तीच मले वाचून दाखवते. म्हणून हा कागद. तू संक्रांतीनंतर कुरड्या पाठवल्या होत्या तो स्टीलचा डबा इकडे रिकामा पडला आहे. शनिवारी तुझा अंकुश गाडीनं घरी येऊन राहिला, त्याच्या हाती डबा परत पाठवतो अन् डब्यात हे पत्र ठेवतो. अंकुशले सुद्धा सांगतलं नाही. वीज खात्यात अख्खी उमर लोकांच्या भिंतीत तारा लपवण्यात गेली, एक कागद लपवणं मले काय जड आहे!

अन् पहिलेच सांगून ठेवतो, मले तुझ्याकडून काहीच नाही पाहिजे. काही मागासाठी हे पत्र नाही. मले जो धक्का बसला, खरं म्हणजे एकामागून एक जे धक्के बसले, ते कोणाजवळ तरी बोलल्याशिवाय माझं जेवण पचून नाही राहिलं, एवढंच.

पहिला धक्का जावयाचा. मे महिन्यात प्रेमलता आपल्या मोनालीकडे पुण्याले गेली हे तुले माहीत आहे. एक दिवस संध्याकाळी तिकडून व्हिडिओ कॉल आला. मी चष्मा लावून पाहतो तर काय, आपला जावई स्वानंद, इंजिनिअर माणूस, कंबरेले फुलाफुलाचं फडकं बांधून ओव्हनपुढं उभा! मी हादरलो ना बाप्पा. मले वाटलं पोरीची तब्येत बिघडली. तर प्रेमलता मोठ्या कौतुकानं सांगते, आज स्वानंदरावांनी आपल्यासाठी मफिन केले. जावयानं सासूसाठी! ताई, मी लग्नानंतर नरखेडकडे सासुरवाडीले गेलो का पाण्याचा गिलास उचलून दुसरीकडे ठेवला तरी सासूबाईले वाईट वाटे. दुपारच्या झोपेतून उठलो का उशाशी चहा तयार. हात धुवाले उठलो तर साळा तांब्या घेऊन मागं. अन् हा जावई सासूले विचारते, आई, अजून एक देऊ का? मी फोन तसाच खाली ठेवला अन् अर्धा तांब्या पाणी प्यालो.

मफिन म्हणजे काय ते तुले सांगतो. कागदाचा फ्रॉक घातलेला वाटीएवढा केक. वरतून फुगलेला, फुटलेला. त्याच्यात बदाम, अक्रोड, अन् चार तऱ्हेच्या बिया, आपण चिमण्याले टाकतो तशातल्या. सकाळी एक खाल्लं का दुपारपर्यंत भूक लागत नाही म्हणे. (आपल्याकडे रात्रीची भाकर अन् तेल-तिखट खाल्लं तरी लागत नाही, पण त्याचा कोणी व्हिडिओ काढत नाही.) मी म्हटलं, हे तर आपल्या पोळ्याच्या सणातल्या कोहळ्याच्या गोड बोंडावानीच आहे (कोहळ्याले तिकडे लाल भोपळा म्हणतेत), तेलाऐवजी हवेत शिजवलं अन् पुण्याले नेलं. त्यावर प्रेमलतानं काय म्हणावं? जावयासमोर, पोरीसमोर, हासून म्हणते, तुम्ही बोलूच नका, तुम्हाले गॅस कोणीकडून पेटते ते सुद्धा माहीत नाही. ताई, मले गॅस पेटवता येते. लायटर सापडत नाही, ही गोष्ट वेगळी.

माझं डोस्कं सणकलं. तोंडातून निघून गेलं, का तू परत येशील तेव्हा तुझ्या जावयापेक्षा चांगलं मफिन करून ठेवतो, नाही केलं तर नाव नाही सांगणार. तिकडे तिघंही हासले. मग स्वानंदनं मले आवाजाचे मेसेज पाठवले. पोरगा भला आहे, बाबा अजिबात टेन्शन घेऊ नका, असं प्रत्येक मेसेजच्या शेवटी म्हणे. टेन्शन कोण घेऊन राहिलं होतं? जो माणूस भर पावसात खांबावर चढला तो केकले भिईन का?

दुसऱ्या दिवशी सामान आणाले इतवारीच्या बाजारात गेलो. दुकानदारानं अक्रोडाचा भाव सांगतला अन् मी तिथंच पोत्यावर बसलो. (भाव लिहीत नाही, भाऊजीचा खोकला वाढेल.) बदाम, काजू, अक्रोड मूठ-मूठ घेतले. जवस अन् तीळ घरात होतेच. मग स्वानंदनं सांगतल्याप्रमाणं कोहळ्याच्या बिया मागितल्या तर त्यानं हिरव्या, चपट्या काहीतरी पुढं केल्या, अन् त्याचा भाव काजूच्या तोडीचा. मी दुकानात ओरडलो ना! कोहळ्याच्या बिया, अन् विकत? उद्या माती विकाल, परवा हवा विकाल. (ती विकतेच म्हणे कोणी.) रागारागानं घरी आलो, अन् सैपाकघरात हळद शोधता शोधता वरच्या फळीवर बिस्किटाचा एक जुना पत्र्याचा डबा सापडला. उघडतो तर आत कोहळ्याच्याच बिया! जाड, टपोऱ्या, पांढऱ्या. मले इतका आनंद झाला, का दुकानदाराले फोन करून सांगावं वाटलं. बियांवर राखाडी भुकटी बसली होती. मी म्हटलं, बाई घरात नाही तर धूळ बसलीच पाहिजे. ओलं फडकं घेतलं अन् खुर्चीवर बसून एकेक बी पुसली. चकचकीत केली. ताई, तू इथं कपाळाले हात लावला असशील. लाव. मी रोज लावून राहिलो.

मग आमच्या लग्नातला तो गोल ॲल्युमिनियमचा ओव्हन आठवला, जो दिल्यापासून माळ्यावर आहे. तो काढताना स्टुलावरून पाय सरकला अन् कंबर धरली. ओव्हन हातातून सोडला नाही, हे लक्षात घे. त्याची खालची कॉइल तुटली होती ती जोडली, हे माझ्या डाव्या हाताचं काम. गव्हाचं पीठ, गूळ, दही, तेल अन् सोडा असं परातीत कालवलं. अंडं नाही टाकलं, चतुर्थी होती. वरून मेवा टाकला अन् त्या चकचकीत बिया जशाच्या तशा, टरफलासकट. त्या सोलाच्या असतेत हे मले कोण सांगन? दुकानातल्या हिरव्या होत्या, घरच्या पांढऱ्या, मी समजलो जात वेगळी आहे. कागदाचे फ्रॉक काही भेटले नाही, म्हणून वरणाच्या वाट्यांले तेल लावलं. अर्ध्या वाट्या ओव्हनमध्ये लावल्या, अर्ध्या भरून ओट्यावर नंबर लावून बसवल्या.

भर दुपारची वेळ. बाहेर कावळा सुद्धा उडून नाही राहिला अन् मी बनियनवर ओव्हनपुढं बसलो आहे, मागून कूलर, पुढून भट्टी. पण वास, ताई, वास काय सुटला! पोळ्याच्या दिवशी आई बोंड तळे तसाच. वासावर शेजारचे नत्थूभाऊ कुंपणावरून वाकले, अन् मग आत येऊन खुर्ची ओढून बसले. मले वाटलं जिंकलो. मोठ्या ऐटीत मफिन फुगलं का पाह्याले झाकणाले हात लावला, अन् असा झटका बसला का मी नत्थूभाऊच्या मांडीवर. आख्खी नोकरी तारांमध्ये काढली, कधी केसाले धक्का नाही, अन् उतारवयात मफिननं फेकलं! त्याच्या पाठोपाठ ठप् करून आवाज झाला अन् लाइट गेली. आमची नाही, पूर्ण गल्लीची. खांबावरचा फ्यूज उडाला होता. बंद पडलेल्या कूलरमागून माणसं बनियनवर बाहेर आली अन् सवयीनं माझ्याचकडे पाहू लागली, कारण गल्लीतला विजेचा जाणकार मी. मी हात मागं बांधले, खांबाकडे बराच वेळ पाह्यलं अन् सांगतलं, लोड वाढला आहे, लोक एसी लावतेत ना. सगळ्यांनी माना हलवल्या. नत्थूभाऊ तेवढे माझ्या कपाळाले लागलेल्या पिठाकडे पाहून राहिले होते.

ओव्हनमधल्या वाट्या काढल्या. वरून कोळसा, खालून कोळसा, मधात मात्र जरा बरं. नत्थूभाऊनं पहिला घास घेतला अन् त्यायचं बोलणं बंद झालं. मी वाट पाहून राहिलो, हे चावून राहिले. गाय रवंथ करते ना, तसंच. मग एकेक टरफल तोंडातून काढून तळहातावर ठेवू लागले, एवढ्यात एक कवळीखाली गेलं. तेव्हापासून ते मले लांबूनच हात दाखवतेत. गल्लीतल्या कुत्र्याले एक टाकलं. ताई, ते कुत्रं लोकांच्या चपला खाते. त्यानं मफिन हुंगलं, माझ्याकडे पाह्यलं अन् दुसऱ्या गल्लीत निघून गेलं. मले इतकं वाईट लागलं, का काय सांगू.

राह्यल्या त्या ओट्यावरच्या कच्च्या वाट्या. कॉइल जळून गेली होती अन् माझा पारा तिच्यापेक्षा जास्त तापला होता. कचरागाडीत टाकावं तर गाडीवरची बाई प्रत्येक घरचा कचरा पाहून, काका, आज काय बिघडलं, असं विचारते. म्हणून खुरपं घेतलं अन् घराच्या मागं गेलो. मागच्या खिडकीच्या कूलरचं पाणी झिरपून तिथली माती सदा ओली राहते. तिथं उकरून एकेक वाटी पालथी केली. लहानपणी नदीत आपण ओल्या वाळूच्या भाकरी मांडत होतो, तशा ओळीनं बसल्या. वरून माती लोटली, वाट्या घासल्या, अन् मफिन हा शब्द पुन्हा काढाचा नाही असं ठरवलं.

अन् आता खरा धक्का. हे सगळे त्याच्यापुढं काहीच नाही. चार-पाच दिवसांनी प्रेमलताचा फोन आला. मफिनचं विचारलं, मी खोकलो. मग ती एकदम हळू आवाजात म्हणते, एक काम करा, वरच्या फळीवर हळदीच्या मागं बिस्किटाचा डबा आहे, त्यात आईच्या कोहळ्याच्या बिया आहेत, राख चोळून ठेवल्या आहेत, त्याले मुंग्या तर नाही लागल्या ना पाहा. मी आले का मृगावर लावीन.

ताई, मी फोन कानाले लावून उभाच राहिलो. आईच्या कोहळ्याच्या. राख चोळलेल्या. ती तिकडून हॅलो, हॅलो करते अन् मी म्हणतो, मुंग्या नाही लागल्या. आता हे खोटं नव्हतं. मुंग्या लागाले बिया तर पाहिजे!

त्या कोहळ्याचं तुले माहीत आहे, तरी लिहितो, मन मोकळं होते. सासूबाई गेल्यावर तिच्या भावांनी नरखेडकडची संत्र्याची बाग विकली, विहीर गेली, घर गेलं. सह्या कराले आम्ही दोघं गेलो होतो. भाऊ म्हणाले, तुले काय पाहिजे ते घे. प्रेमलतानं दागिना नाही मागितला, भांडं नाही मागितलं. विहिरीमागं सासूबाईनं लावलेला वेल होता, त्याचं एक कोहळं तोडलं अन् एसटीत मांडीवर घेऊन बसली, ते नागपूरपर्यंत. मी बसमध्ये कुरकुर केली होती, का बाई, आमच्या बाजारात कोहळे भेटत नाहीत का? तेव्हापासून दरसाल मृगावर कुंपणाजवळ ते लावते, मांडव मांडते, पहिलं कोहळं चिरताना कोणाशी बोलत नाही, अन् बिया धुऊन, वाळवून, राख चोळून पुढच्या सालासाठी ठेवते. तिचं माहेर आता कुठं आहे म्हणशील तर त्या बिस्किटाच्या डब्यात होतं. ते मी पुसून, चकचकीत करून, सोड्यात कालवलं. अर्धं जाळलं अन् अर्धं पुरलं.

लगेच खुरपं घेऊन मागं पळालो. पण काय उकरू? गुळाच्या वासानं लाल मुंग्यांची अशी जत्रा भरली होती, का चप्पल सोडून आलो तिथं. गुळात, तेलात, सोड्यात बुडालेल्या बीचं काय राह्यलं असंन, तूच सांग. तेव्हापासून त्या जागेकडे मी फिरकलो नाही. कूलरमध्ये पाणी सुद्धा आतून, खिडकीतून पाइप टाकून भरतो, मान दुसरीकडे करून.

मग मी दुसरं पाप केलं. बाजारातून एक कोहळं आणलं, त्याची भाजी मुकाट्यानं खाल्ली, अन् त्याच्या बिया वाळवून डब्यात भरल्या. राख पाहिजे होती, गॅसच्या घरात राख कुठून आणू? शेवटी देवाजवळची अगरबत्तीची राख चोळली. हात जोडून चोळली, हे खरं.

परवा प्रेमलता आली. स्वानंदच्या हातचे मफिन डबाभर घेऊन. (एक खाल्लं. मऊ होतं. टरफल नव्हतं.) माझे कुठं आहेत म्हणून विचारलं, मी म्हटलं नत्थूभाऊले इतके आवडले का शिल्लक राहिले नाहीत. मग तिनं तो डबा काढला. एक बी हातात घेतली, उजेडात पाह्यली, नाकाजवळ नेली, परत ठेवली, झाकण लावलं. माझा जीव भांड्यात पडला. पण ताई, तो तिथं राहून नाही राहिला. तेव्हापासून मीच सकाळी उठून चहा करतो, भांडे घासतो, गच्चीवरचे कपडे आणतो. ती फक्त पाहते. सांगून टाक म्हणशील. तीनदा तोंड उघडलं अन् तिन्हीदा, चहा घेतेस का, एवढंच निघालं. आता ती सुद्धा नाही म्हणून नाही राहिली.

मृग तोंडावर आला आहे. ती बाजारचं बी आईचं म्हणून लावेल. वेल येईल, फूल येईल, कोहळं धरेल, अन् ती त्याले हात लावून आईले आठवेल. अन् मी बाजूले उभा राहून हो हो म्हणीन. ताई, मी काही साधुसंत नाही, फ्यूज उडाल्याचं खापर एसीवर फोडणारा माणूस आहे. पण हे मले नाही जमणार. त्या वेलाकडे पाह्याची माझी छाती नाही होणार. मले रडू येते, खरं सांगतो, भांडे घासता घासता येते, अन् ती समजते साबण गेला डोळ्यात.

असो. मन मोकळं झालं. वर लिहिल्याप्रमाणं मले काहीच नको. भाऊजीले हे वाचून दाखवू नको, ते पारावर सांगतील. गुडघ्याले तेल लावत जा.

तुझा, कंबर धरलेला,
गणपत

ता. क. एक बारीकशी गोष्ट राह्यली. मागच्या दसऱ्याले प्रेमलतानं तुले एक कोहळं दिलं होतं. त्याच वेलाचं. तू तर आंब्याची कोय फेकत नाहीस, त्याच्या बिया नक्की ठेवल्या असशील. ताई, तुझ्या पाया पडतो (कंबरेसकट), त्यातल्या मूठभर दे. मूठभर नसतील तर चार दे. एक असली तरी चालेल, मी तिले रात्रंदिवस राखीन. तू लावल्या नाहीत ना अजून? लावल्या असशील तर उकर. अन् भाऊजीनं भाजून खाल्ल्या असतील तर मले कळवू नको, मले अजून एक धक्का सोसवणार नाही.

आणखी ता. क. बिया ह्याच डब्यात, तळाशी कागदात गुंडाळून पाठव अन् वरून वड्या किंवा पापड भर. आपल्या घरचा डबा कधी रिकामा परत जात नाही, त्यामुळं प्रेमलताले जराही संशय येणार नाही. आहे ना डोकं?

शेवटचं ता. क. ते जळालेले मफिन मी टाकले नाहीत. टरफलं थुंकत थुंकत दोन दिवस मीच खाल्ले. मधला भाग चांगला झाला होता वं ताई. स्वानंदपेक्षा थोडाच कमी. हे मात्र कोणाले तरी सांगावं वाटत होतं.

ताई, नमस्कार. मी प्रेमलता. अक्षरावरून ओळखलंच असंन. हे स्वतःहून दूध आणाले गेले आहेत, तेवढ्यात लिहून राहिली. तुमचा डबा दाराशी पिशवीत ठेवलेला दिसला, म्हटलं ताईचा डबा रिकामा कसा पाठवावा, मूठभर काहीतरी टाकू म्हणून झाकण उघडलं तर हे पत्र. पूर्ण वाचलं. दोनदा वाचलं.

बी हातात घेतल्याबरोबर मले कळलं होतं. आईच्या कोहळ्याची बी कडेनं पिवळसर असते, अन् आमच्या राखेले मोगऱ्याचा वास येत नाही. परवा रात्रभर मी भिंतीकडे तोंड करून पडली होती, ह्यायले वाटलं प्रवासाचा थकवा आहे. काल सकाळी कूलरची गवताची ताटी बदलाले मागं गेली. ताई, तिथं ओळीनं गोल गोल गड्डे उगवले आहेत, एकेका गड्ड्यात सात-आठ कोंब, दोन दोन पानांचे, वर टरफलाच्या टोप्या घातलेले. बाजूले ह्यायची चप्पल. पहिले तर मले काही उमजेना, का वाटीच्या मापानं कोहळं कोण लावते? आता पत्र वाचून उमजलं. आईचं कोहळं आजपर्यंत कधी मृगाच्या आधी वर आलं नव्हतं. मी पत्र घेऊन तिथंच ओल्यात जाऊन बसली, भल्ली रडली, अन् मग भल्ली हासली.

तुमच्याकडच्या बिया पाठवू नका, तिकडेच जपून ठेवा, इकडचा काही भरोसा नाही. उलट दोन रोपं मीच ओल्या फडक्यात गुंडाळून डब्यात ठेवून राहिली, तुमच्या परसात लावा. मुळाले अक्रोडाचा तुकडा चिकटलेला दिसला तर घाबरू नका, धुऊन काढा.

ह्यायले मात्र काही सांगू नका. बिया उंदरानं खाल्ल्या म्हणून कळवा. आज ह्यायनं पोळ्या लाटल्या, गोल नव्हत्या, पण लाटल्या. वेलाले पहिलं कोहळं धरलं का मी स्वतः हात धरून मागं नेऊन दाखवीन, अन् त्याचे बोंड ह्यायच्याच हातानं तळून घेईन. तोपर्यंत चहा चांगला होऊन राहिला.